कारंज्याच्या पोथ्या आणि मॅक्स वेबरचा प्रश्न

१/ सन १९१६. युरोपात महायुद्ध पेटलेले असताना मॅक्स वेबर हा जर्मन विद्वान हिंदू आणि बौद्ध धर्मांवरील आपला प्रबंध एका नियतकालिकातून क्रमशः प्रसिद्ध करू लागला. भारत त्याने कधीच पाहिला नव्हता. तरीही त्यात जैन व्यापाऱ्यांविषयी त्याने केलेले विवेचन वऱ्हाडातील कारंजा लाडच्या पेठेपर्यंत येऊन पोहोचते.

२/ समाजशास्त्र तेव्हा नवखे होते. फर्डिनांड टोनिसने १८८७ मध्ये नात्यागोत्याने बांधलेला समुदाय आणि करारावर उभा असलेला समाज यांतील भेद मांडला होता. गेओर्ग झिमेलने १९०० मध्ये पैशाच्या तत्त्वज्ञानावर ग्रंथ लिहिला. १९०९ मध्ये या दोघांनी वेबर आणि इतरांसह जर्मन समाजशास्त्र परिषद स्थापन केली.

३/ वेबरचा मूळ प्रश्न १९०४-०५ मधला. आधुनिक भांडवलशाही पश्चिम युरोपातच का वाढली? त्याचे एक उत्तर असे : काही प्रॉटेस्टंट पंथांनी कष्ट, काटकसर आणि सचोटी यांना धर्मकर्तव्य मानले. चैन निषिद्ध, म्हणून मिळकत पुन्हा धंद्यातच गेली. या उत्तराची पडताळणी करण्यासाठी तो चीन आणि भारताकडे वळला.

४/ भारतात त्याला जैन समाज आढळला. व्रतस्थ जीवन, हिशेबातील चोखपणा, व्यापारातील यश : सारे प्रॉटेस्टंटांशी जुळणारे. मग येथे कारखानदारी का उभी राहिली नाही? वेबरने बोट ठेवले अहिंसेवर. नांगराखाली जीव मरतात, भट्टीत जीव मरतात. म्हणून शेती आणि अनेक उद्योग वर्ज्य ठरले, आणि जैन माणूस व्यापार व सावकारीतच राहिला, असे त्याचे प्रतिपादन.

५/ कारंजा पाहिले तर वेबरचे म्हणणे प्रथमदर्शनी पटते. श्रीनृसिंह सरस्वतींचे जन्मस्थान म्हणून प्रसिद्ध असलेले हे गाव दिगंबर जैनांचेही जुने केंद्र आहे. सेनगण, बलात्कारगण आणि काष्ठासंघ या तिन्ही भट्टारक परंपरांची मंदिरे येथे आहेत. भोवती कापसाचा मुलूख, आणि विसाव्या शतकाच्या आरंभी आलेली मूर्तिजापूर–यवतमाळ ही अरुंद रेल्वे.

६/ पण या पेठेतला पैसा गेला कुठे? त्याचा एक वाटा पोथ्यांत गेला. जैन परंपरेत आहार, औषध आणि अभय यांच्या जोडीने शास्त्रदान हे मोठे पुण्य मानले जाते. श्रावक खर्च करून ग्रंथांच्या नकला करवून घेत आणि त्या मुनींना वा मंदिरांना अर्पण करीत. कारंज्याचे ग्रंथभांडार अशा पोथ्यांनी समृद्ध झाले.

७/ याच भांडारातून दहाव्या शतकातील कवी पुष्पदंताचे अपभ्रंश काव्य नव्या जगासमोर आले. १९३१ मध्ये डॉ. प. ल. वैद्य यांनी संपादित केलेले ‘जसहरचरिउ’ कारंजा जैन ग्रंथमालेत प्रसिद्ध झाले. मालेमागे डॉ. हिरालाल जैन यांचे परिश्रम होते. मराठीच्या पूर्वावस्थेचा अभ्यास करणाऱ्यांना अपभ्रंशाकडे वळावेच लागते. ती सामग्री काही अंशी व्यापाऱ्यांच्या दानातून टिकली.

८/ आता वेबरच्या सिद्धान्ताची पडताळणी. कोल्हापूर आणि सांगली या भागांत हजारो जैन कुटुंबे पिढ्यान्‌पिढ्या शेती करतात. हे धर्मभ्रष्टतेचे लक्षण नव्हे. श्रावकाचाराच्या परंपरेत हिंसेचे चार प्रकार सांगितले आहेत : संकल्पी, आरंभी, उद्योगी आणि विरोधी. गृहस्थाने जाणूनबुजून केलेली संकल्पी हिंसा टाळायचीच. उपजीविकेत अटळपणे घडणारी हिंसा मात्र जपून, कमीत कमी होऊ द्यायची. मुनींचा नियम वेबरने गृहस्थांच्या संसारावर जरा जास्तच ताणला.

९/ दुसरा पुरावा सोलापूरचा. १८८२ मध्ये एका दिगंबर जैन कुटुंबात जन्मलेले वालचंद हिराचंद बांधकामात उतरले, मग जहाजधंद्यात. ५ एप्रिल १९१९ रोजी सिंदिया कंपनीचे ‘लॉयल्टी’ हे जहाज मुंबईहून लंडनकडे निघाले. पुढे विमानांचा आणि मोटारींचा कारखानाही त्यांनी उभारला. वेबर १४ जून १९२० रोजी म्युनिकमध्ये वारला. त्याच्या प्रबंधाचे ग्रंथरूप १९२१ मध्ये आले, तेव्हा त्याच्या निष्कर्षाला अपवाद ठरणारे ते जहाज समुद्रावर उतरून दोन वर्षे झाली होती.

१०/ म्हणजे वेबर चुकला का? त्याचे साधन होते ‘आदर्श प्ररूप’ : वास्तव मोजण्यासाठी मुद्दाम ठळक करून रेखाटलेले चित्र. हे चित्र म्हणजे वास्तव नव्हे, असे त्यानेच बजावले होते. पण शिरगणतीचे अहवाल आणि भाषांतरे यांवर विसंबून दूरून रेखाटताना कोल्हापूरचा शेतकरी त्या चित्रातून निसटला. प्रश्न मोलाचा होता. उत्तराला क्षेत्रातील माहितीची जोड हवी होती.

११/ ती जोड मराठी मुलखातूनच मिळाली. मुंबई विद्यापीठात १९१९ मध्ये समाजशास्त्र विभाग सुरू झाला होता. १९५८ मध्ये वेबरचा भारतविषयक ग्रंथ इंग्रजीत आला. त्याच वर्षी सोलापुरातून विद्याधर जोहरापूरकरांचा ‘भट्टारक संप्रदाय’ प्रसिद्ध झाला. त्यात शिलालेख, मूर्तिलेख आणि ग्रंथप्रशस्ती यांच्या आधारे कारंजा पीठासह भट्टारकांच्या परंपरा जुळवल्या आहेत. १९५९ मध्ये विलास संगवे यांनी जैन समाजाचे सामाजिक सर्वेक्षण ग्रंथरूपाने मांडले.

१२/ जुन्या पोथीचे शेवटचे पान पुष्कळदा दुर्लक्षित राहते. नक्कल कोणी केली, कोणासाठी, कोणाच्या खर्चाने आणि कोणत्या हेतूने, हे त्या प्रशस्तीत लिहिलेले असते. कमावलेल्या धनाचा धर्म काय करतो, हाच वेबरचा प्रश्न होता. त्याच्या उत्तरातील काही ओळी कारंज्याच्या भांडारात आधीपासूनच लिहून ठेवलेल्या होत्या.

#इतिहास #समाजशास्त्र #वऱ्हाड