ताईचं सॅलड आणि आईच्या कुरडया



आपल्या बडोद्याच्या वाड्यांविषयी, गणपतींविषयी, महाराजांविषयी इथे पुष्कळ जण छान लिहितात. मी आज एका सॅलडविषयी लिहिणार आहे. हसू नका. त्यात थोडा जगाचा इतिहास आहे, थोडा आपला, आणि माझ्या नावावरची एक जुनी बाकी आहे.

मागच्या महिन्यात अमेरिकेतून फोन आला. माझ्या थोरल्या बहिणीची नात. "मामाआजोबा, आजी ते कोबीचं आणि कोरड्या नूडल्सचं कुरकुरीत सॅलड करायची ना, त्याचं प्रमाण तुमच्याकडे आहे का? आईला पण नीट आठवत नाही." ताईला जाऊन आता दीड वर्ष होईल. मी ३८ वर्षं बँकेत काढलेला माणूस, कागद टाकून देत नाही. जुन्या डायऱ्या काढल्या. प्रमाण सापडलं, पण एक नाही, दोन. एक ताईचं आणि एक आईचं. दोन्हींचा ताळमेळ काही बसेना. तो का बसत नाही, हे मला एकट्यालाच माहीत आहे, म्हणून लिहून ठेवतो.

आमचे पणजोबा सयाजीराव महाराजांच्या काळात साताऱ्याकडून बडोद्याला आले आणि संस्थानच्या हिशेबखात्यात लागले. १९४९ मध्ये संस्थान मुंबई राज्यात विलीन झालं, १९६० मध्ये बडोदं गुजरातेत आलं. राज्यं तीन झाली, आम्ही मात्र दांडिया बाजारातल्या त्याच घरात. घरात मराठी, ओट्यावर गुजराती. पानाची डावी बाजू मात्र आई सांभाळायची. लिंबू, चटणी, कोशिंबीर. त्यातही कोबीची पचडी तिच्या हातची. बारीक चिरलेला कोबी, हिरवी मिरची, लिंबू, किंचित साखर, दाण्याचं कूट आणि वरून हिंग-मोहरीची फोडणी. शेजारच्या गुजराती काकी कोबीचा संभारो करायच्या, तो तव्यावर जरा परतलेला असे. आई म्हणायची, "त्यांचा अर्धा शिजलेला, आपला कच्चा, पण दोन्ही दाताखाली वाजले पाहिजेत."

कोबी हा शब्दसुद्धा आपला नव्हे बरं का. पोर्तुगीज लोक त्याला 'कोव्ह' म्हणत, त्याचा आपण कोबी केला. बटाटाही त्याच वाटेने आला. गुजरातीतही कोबीच म्हणतात, त्यामुळे मंडईत आमचं अडत नसे. इंदूरच्या मावशीकडे गेलो की मात्र तो पत्तागोभी व्हायचा आणि आम्हां पोरांना फार हसू यायचं. अमेरिकेतलं 'कोलस्लॉ' हे डच लोकांकडून आलेलं. डच भाषेत कोबीला 'कोल' म्हणतात आणि सॅलडला 'स्ला'. म्हणजे जो तो आपापल्या गलबतातून कोबी घेऊन गेला.

आता ताई. ताई आपल्या सयाजीराव विद्यापीठाच्या होम सायन्सची पदवीधर. हंसाबेन मेहता या विद्यापीठाच्या पहिल्या कुलगुरू. बाईच कुलगुरू असल्यामुळे आमच्या आजोबांनी मुलींच्या कॉलेजला कधी हरकत घेतली नाही, असं आई सांगायची. १९७२ साली ताईचं लग्न झालं. भाऊजी इंजिनिअर. अमेरिकेने १९६५ मध्ये आपला कायदा बदलला आणि मग शिकलेल्या लोकांना तिकडची दारं उघडली, त्या लाटेतले ते. ओहायो राज्यात बिऱ्हाड केलं. पुढे ताई तिथल्या एका रुग्णालयाच्या आहार विभागात नोकरीला लागली. दोन मुलं, नोकरी, सहा महिने बर्फ, आणि मदतीला घरचं कोणी नाही.

तिकडे ऑफिसात, चर्चमध्ये, शेजारपाजारी 'पॉटलक' नावाचा प्रकार असतो. प्रत्येकाने एक पदार्थ करून आणायचा आणि सगळ्यांनी मिळून खायचा. १९८० नंतर अशा टेबलांवर हे सॅलड हमखास दिसू लागलं. बारीक चिरलेला कोबी, पातीचा कांदा, भाजलेले बदामाचे काप, सूर्यफुलाच्या बिया किंवा तीळ, तेल-व्हिनेगर-साखरेचं मिश्रण, आणि वर रामेन नूडल्सचं पाकीट न उकळता तसंच चुरून. नूडल्सबरोबर आलेली मसाल्याची पुडी तेलात मिसळायची. ताईला ते एका सहकारी बाईने दिलं. आपण शाकाहारी, म्हणून ताईने पाकिटावरची बारीक अक्षरं वाचली. पुडीत चिकनची पावडर. तिने पुडी टाकून दिली आणि स्वतःची जिरेपूड, मिरपूड, मीठ घातलं. दर पॉटलकला तिच्याकडून तेच मागायचे, असं तिने पत्रात लिहिलेलं आहे. पत्र माझ्याकडे आहे.

या नूडल्स काढल्या जपानच्या मोमोफुकु आंडो यांनी. त्यांची हकीकत बँकवाल्यांनी वाचावी अशी आहे. जन्म १९१० चा, तैवानमधला. युद्धानंतर ते एका पतसंस्थेचे प्रमुख झाले. संस्था बुडाली, त्यात त्यांचं होतं नव्हतं ते गेलं, राहतं घर तेवढं उरलं. ओसाकाजवळ इकेदा गावी घरामागच्या शेडमध्ये वर्षभर खटपट करून १९५८ च्या ऑगस्टमध्ये, म्हणजे अठ्ठेचाळिसाव्या वर्षी, त्यांनी 'चिकन रामेन' बाजारात आणलं. किंमत ३५ येन. १९७० मध्ये त्यांच्या निस्सिन कंपनीने अमेरिकेत शाखा काढली. भारतात मॅगी आली १९८३ मध्ये, आणि दोनच मिनिटांत होतं म्हणून पोरांनी ती डोक्यावर घेतली.

आंडोंची युक्ती अशी की शेवया आधी वाफवायच्या आणि मग तेलात तळायच्या. तळताना आतलं पाणी उडून जातं आणि बारीक भोकं राहतात. त्यात गरम पाणी शिरलं की नूडल्स मऊ. पाणी नाही घातलं तर कुरकुरीत. म्हणजे पाकिटातल्या नूडल्स कच्च्या नसतातच, शिजलेल्या आणि तळलेल्या असतात. हे मला फार उशिरा कळलं. तेव्हा कळलं असतं तर बरं झालं असतं.

१९८६ च्या जानेवारीत ताई मुलांना घेऊन आली. पाच वर्षांनी येत होती. एके रात्री आत्या, काका, सगळे जेवायला. ताई म्हणाली, "आई, आज डावी बाजू माझी." दुपारीच तिने सगळं चिरून, कालवून ठेवलं. घरात बदाम मोजके, ते सगळे घातले. पाहुणे यायला साडेनऊ झाले. तोवर कोबीला पाणी सुटलेलं, नूडल्स फुगलेल्या. वाढलं, पण कोणी दुसरा घास घेतला नाही. आत्यांनी विचारलं, "हे काय गं?" ताईने उत्तर द्यायच्या आधी आई म्हणाली, "तिकडे शिजवायला वेळ नसतो हो. मग कच्चं पीठच खातात."

सगळे हसले. मीही हसलो. ताई उठून ताक आणायला आत गेली ती बराच वेळ आली नाही. त्यानंतर महिनाभर ती स्वयंपाकघरात होती, पण सॅलडचं नाव तिने काढलं नाही. जाताना मला एका कागदावर प्रमाण लिहून दिलं. "तुझ्या बायकोला दे. आईला दाखवू नकोस."

मी तो कागद डायरीत ठेवला. आईने तो पाहिला असणार, कारण पुढची गोष्ट मे महिन्यातली.

उन्हाळ्यात आमच्या गच्चीवर कुरडया व्हायच्या. गहू तीन दिवस भिजवायचे, रोज पाणी बदलायचं, वाटून, पिळून चीक काढायचा. चीक तळाला बसला की वरचं पाणी ओतून टाकायचं, मग मीठ-हिंग घालून तो शिजवायचा आणि सोऱ्यातून गरमगरम घालायचा. आदल्या वर्षीच्या डब्याच्या तळाशी चुरा उरलेला होता. आईने तो तळला, तीळ भाजले, कोबी चिरला, लिंबू पिळलं, आणि पानं मांडल्यावर ऐनवेळी चुरा वर घातला. पहिला घास घेतला आणि मी आईकडे पाहिलं. ती म्हणाली, "काय बघतोस? तिच्या त्या नूडल्स म्हणजे कुरडईच की. आधी शिजवलेली, मग वाळवलेली. पोरीने दुपारी कालवून ठेवलं, तेवढंच चुकलं."

त्यानंतर आमच्या घरी ते महिन्यातून एकदा तरी व्हायचं. आई त्याला "ताईचं" म्हणायची. "आज ताईचं करते." सुना, नातवंडं, सगळे तेच म्हणायला लागले. मी आईला म्हटलं, ताईला पत्रात कळवतो. आई म्हणाली, "नको. आली की करून घालीन."

१९९१ मध्ये ताई आली. आईने पुरणपोळ्या केल्या, श्रीखंड केलं, बासुंदी केली. मी आठवण केली तर म्हणाली, "लेक इतक्या वर्षांनी आली, तिला कोबी घालू?" १९९९ मध्ये ताई आली तेव्हा आई अंथरुणावर होती. आठ दिवसांत गेली.

पुढे पंचवीस वर्षं मी ताईशी फोनवर बोललो. मालमत्ता, मुलांची लग्नं, गुडघे, सगळं बोललो. हे सांगायचं राहिलं. एकदा तीच म्हणाली होती, "आईला माझ्या हातचं काही फारसं आवडलं नाही रे." तेव्हाही मी विषय बदलला. का बदलला ते आज मला सांगता येत नाही. रात्रीच्या त्या हसण्यात मीही होतो, ते पुन्हा निघायला नको होतं बहुतेक.

तर नातीला दोन्ही प्रमाणं पाठवली. तुमच्यासाठीही देतो.

ताईचं: अर्धा मध्यम कोबी, तीन पातीचे कांदे, नूडल्सचं एक पाकीट चुरून, मूठभर बदामाचे काप आणि दोन चमचे तीळ. नूडल्स, बदाम आणि तीळ कढईत कोरडेच गुलाबी भाजून गार करायचे. चार मोठे चमचे तेल, तीन चमचे व्हिनेगर, दोन चमचे साखर, मीठ, मिरपूड, जिरेपूड.

आईचं: तेवढाच कोबी, दोन हिरव्या मिरच्या, एक लिंबू, चमचाभर साखर, मीठ, दोन चमचे भाजलेले तीळ, जाडसर दाण्याचं कूट, हिंग-मोहरीची फोडणी, कोथिंबीर, आणि चार तळलेल्या कुरडयांचा चुरा.

दोन्हींत कुरकुरीत जिन्नस वेगळा ठेवायचा आणि पान वाढताना घालायचा. पाहुणे दारात दिसल्याशिवाय कालवायचं नाही.

पोरीने दोन्ही करून पाहिली. फोटो पाठवला, शेजारी शेजारी दोन वाट्या. मग विचारलं, "आजीला माहीत होतं का, पणजी करायची ते?"

मी म्हटलं, "नाही बाळा. मी सांगितलं नाही."

ती काही बोलली नाही. थोड्या वेळाने म्हणाली, "कुरडया इथे मिळत नाहीत. याल तेव्हा आणाल?" या वयात माझं जाणं काही होत नाही. पण डिसेंबरात शेजारचा मुलगा तिकडे निघालाय, त्याच्या बॅगेत डबा ठेवतोय. प्रवासात त्यांचा चुरा होईल, झाला तर होऊ दे.