हिऱ्याचे मूल्यमापन आणि पुनर्विक्री

पैलू पाडलेल्या हिऱ्याला बाजारात किती पैसे मिळतील याचा अंदाज बांधण्याची रीत म्हणजे हिऱ्याचे मूल्यमापन. व्यवहारात एकाच खड्याच्या निदान चार किमती असतात. ग्राहक पेढीवर मोजतो ती किरकोळ किंमत, व्यापारी व्यापाऱ्याला सांगतो ती घाऊक किंमत, विमा उतरवताना धरलेली भरपाईची किंमत, आणि मालकाने खडा विकायला काढल्यावर त्याच्या हातात पडणारी रोख रक्कम. विम्याची किंमत बहुधा किरकोळ किमतीच्या आसपास किंवा तिच्याही वर असते, कारण तसाच नवा खडा दुकानातून घ्यायला किती लागेल, एवढेच ती सांगते. चौथी किंमत सर्वांत खाली असते. ‘व्हॅल्युएशनच्या कागदावर तीन लाख लिहिले आहेत’ असे सांगत येणारा विक्रेता सहसा विम्याचा कागद दाखवत असतो, आणि समोरचा व्यापारी तो वाचायचीही तसदी घेत नाही.

सोन्याच्या व्यवहाराची सवय इथे आड येते. सोन्याची मोड देताना सराफ कस पाहतो, घट वजा करतो, घडणावळ सोडून देतो आणि त्या दिवसाच्या भावाने हिशेब करतो. एक ग्रॅम शुद्ध सोने कुठल्याही दुसऱ्या ग्रॅमसारखेच असल्यामुळे हे जमते. हिऱ्याला असा ‘आजचा भाव’ नाही. एकेक कॅरेटच्या दोन खड्यांच्या किमतीत दहापट अंतर असू शकते, आणि साध्या डोळ्यांना दोन्ही सारखेच चमकताना दिसतात. दागिन्यावरचा हॉलमार्क फक्त सोन्याची शुद्धता सांगतो, खड्याविषयी तो काहीही बोलत नाही.

वजन : हिऱ्याचे वजन कॅरेटमध्ये मोजतात. मेट्रिक कॅरेट म्हणजे २०० मिलिग्रॅम. हे मान १९०७ मध्ये आंतरराष्ट्रीय पातळीवर मान्य झाले. कॅरेटचा शंभरावा भाग म्हणजे सेंट. बाजारात ‘तीस सेंटचा खडा’ असे बोलतात. घरच्या जुन्या चिठ्ठ्यांमध्ये रत्तीत वजन लिहिलेले सापडते, पण रत्तीचे मान प्रांतोप्रांती आणि पेढीगणिक वेगळे असल्यामुळे खडा पुन्हा तोलण्याला पर्याय नसतो.

वजन दुप्पट झाले की किंमत दुपटीहून बरीच जास्त वाढते, कारण मोठे खडे दुर्मीळ. वराहमिहिराच्या बृहत्संहितेत हिऱ्याच्या परीक्षेचा स्वतंत्र अध्याय आहे आणि त्यात तांदळाच्या दाण्यांचे वजन धरून उतरत्या किमती दिल्या आहेत. सतराव्या शतकात गोवळकोंड्याच्या खाणींवर येऊन गेलेला फ्रेंच जवाहिऱ्या ताव्हेर्निए याने वर्गाचा नियम नोंदवला. कॅरेटच्या आकड्याचा वर्ग करायचा आणि त्याला एक कॅरेटच्या दराने गुणायचे. एक कॅरेटला १५० लिव्र धरले तर बारा कॅरेटच्या निर्दोष खड्याचे १४४ गुणिले १५०, म्हणजे २१,६०० लिव्र होतात. आजचा बाजार हा नियम पाळत नाही, पण त्यामागचे तत्त्व टिकून आहे. फक्त चढण आता सरळ नसून पायऱ्यांची आहे. ०.९० ते ०.९९ कॅरेटचा एक गट, १.०० ते १.४९ चा दुसरा, १.५० ते १.९९ चा तिसरा. ९९ सेंटचा खडा आणि पुऱ्या कॅरेटचा खडा यांच्यात अवघ्या दोन मिलिग्रॅमचा फरक असतो, तरी प्रति कॅरेट दर एकदम वरच्या पायरीवर जातो.

या पायऱ्यांचा परिणाम कारखान्यात पैलू पाडण्याच्या घंटीवर दिसतो. कॅरेट भरावा म्हणून कारागीर खड्याची कंबर जाड ठेवतो किंवा तळ खोल सोडतो. वजन कागदावर येते, पण वरून खडा लहान दिसतो आणि त्याचे तेज मरते. चांगल्या घाटाचा एक कॅरेटचा गोल हिरा सुमारे ६.४ ते ६.५ मिलिमीटर व्यासाचा असतो. बरोबर १.०० कॅरेटचा खडा ६.१ भरला, तर जादा वजन कुठे दडले आहे ते उघड होते. अशा खड्याला व्यापारी कागदावरच्या वजनाचा दर देत नाहीत.

रंग, स्वच्छता, घाट : आज जगभर चालणारी प्रतवारी जेमॉलॉजिकल इन्स्टिट्यूट ऑफ अमेरिका, म्हणजे जीआयए, या १९३१ मध्ये स्थापन झालेल्या संस्थेने १९५० च्या दशकात घडवली. बिनरंगी खडा ‘डी’, तिथून पिवळसरपणा वाढत ‘झेड’पर्यंत. स्वच्छतेच्या अकरा पायऱ्या आहेत, दहापट मोठे दाखवणाऱ्या भिंगाखाली पूर्ण निर्दोष खड्यापासून नुसत्या डोळ्यांना डाग दिसणाऱ्या खड्यापर्यंत. गोल हिऱ्याच्या घाटाची श्रेणी ही संस्था २००६ पासून प्रमाणपत्रावर देऊ लागली. गोल खड्याला इतर आकारांपेक्षा बहुधा जास्त दर मिळतो, कारण तो घडवताना कच्चा माल जास्त वाया जातो आणि गिऱ्हाईकही जास्त असते.

मात्र प्रमाणपत्रावर सगळे येत नाही. मुंबई-सुरतच्या बाजारात पुडी उघडली की पहिल्यांदा ‘बीजीएम’ पाहतात, म्हणजे तपकिरी झाक, हिरवी झाक आणि दुधाळपणा. दोन खड्यांच्या कागदांवर अक्षर न् अक्षर सारखे असून एक दुधाळ निघाला, तर त्याचा दर लगेच पडतो. अतिनील प्रकाशात जोरदार निळा चमकणारा बिनरंगी खडाही स्वस्त जातो. प्रमाणपत्र कोणाचे हेही किमतीतच धरले जाते. सर्वच प्रयोगशाळा सारख्या कडक नाहीत, आणि एकीने ‘जी’ म्हटलेला खडा दुसरीकडे दोन पायऱ्या खाली उतरू शकतो. २०१४ मध्ये रॅपनेट या व्यापारी संकेतस्थळाने ईजीएल या नावाने दिली जाणारी प्रमाणपत्रे यादीतून काढून टाकली, त्यामागे हेच कारण होते.

दरपत्रक आणि ‘खाली’ : घाऊक व्यवहाराचा पाया म्हणजे न्यूयॉर्कच्या मार्टिन रॅपापोर्ट यांनी १९७८ मध्ये सुरू केलेले दरपत्रक. वजनाच्या प्रत्येक गटासाठी एक तक्ता असतो. उभे रंग, आडवी स्वच्छता, आणि चौकटीत प्रति कॅरेट शेकडा डॉलरांचा आकडा. गोल खड्यांसाठी एक पत्रक, इतर आकारांसाठी दुसरे. हा आकडा विक्रीचा दर नसतो, घासाघीस सुरू करण्याचे ठिकाण असते. बहुतेक माल त्यापेक्षा कमी दराने जातो आणि व्यापारी बोलतात ते टक्क्यांत : ‘पस्तीस खाली’, ‘चाळीस खाली’. वांद्रे-कुर्ला संकुलातील भारत डायमंड बोर्समध्ये, किंवा त्याआधी कित्येक वर्षे ऑपेरा हाउसजवळच्या पंचरत्न इमारतीत, दिवसभर ऐकू येणारी भाषा हीच.

समजा, १.०१ कॅरेटच्या एका खड्याच्या चौकटीत ६० हा आकडा आहे, म्हणजे कॅरेटला ६,००० डॉलर. खडा चाळीस खाली गेला तर कॅरेटला ३,६०० आणि एकूण ३,६३६ डॉलर. हीच व्यापाऱ्या-व्यापाऱ्यातली किंमत. त्यावर दुकानाचे भाडे, जाहिरात, नफा आणि दागिन्यावरचा तीन टक्के जीएसटी चढला की किरकोळ किंमत तयार होते. (आकडे उदाहरणापुरते आहेत, दरपत्रक बदलत राहते.) मोलाचा अंदाज बांधू पाहणाऱ्याने दुकानाच्या पावतीपासून सुरुवात करू नये. तशाच वजनाचे, रंगाचे आणि प्रयोगशाळेचे खडे आज किती खाली विकले जात आहेत, तिथून सुरुवात करावी. रंगीत हिऱ्यांना मात्र हे पत्रक लागू नाही. ऑस्ट्रेलियातील आर्गाइल खाण नोव्हेंबर २०२० मध्ये बंद झाल्यापासून गुलाबी खड्यांचा बाजार तर लिलावांवरच चालतो.

पुनर्विक्रीत पैसे का कमी येतात : याचे उत्तर खड्यात नसून व्यापाराच्या रीतीत आहे. ओळखीच्या जवाहिऱ्याला घाऊक बाजारातून हवा तो खडा जांगड मिळतो. पावती लिहून द्यायची, खडा दुकानात ठेवायचा, विकला गेला तर पैसे द्यायचे, नाही तर परत. विकत घेतला तरी दोन-तीन महिन्यांची उधारी सहज मिळते. तोच जवाहिऱ्या मालकाच्या हातातला खडा आज रोख देऊन घेणार असेल, तर त्यात त्याचे पैसे अडकतात, खडा बदललेला किंवा कृत्रिम असण्याची जोखीम त्याच्याकडे येते, आणि गिऱ्हाईक कधी येईल ते ठाऊक नसते. एवढे सगळे सोसायचे तर त्याला घाऊक दराहून बरेच खाली मिळायला हवे. वरच्या उदाहरणात त्याने साठ खाली मागितले तर विक्रेत्याच्या हाती २,४२४ डॉलर येतात. याला फसवणूक म्हणता येत नाही. तशी ती होतेही, पण ती वेगळी ओळखावी लागते.

या कोंडीवर अमेरिकी पत्रकार एडवर्ड जे एपस्टाईन यांनी १९८२ मध्ये ‘अटलांटिक’ मासिकात लिहिलेला लेख आजही वाचण्यासारखा आहे. घराघरांतले हिरे परत बाजारात आले तर भाव टिकणार नाही, म्हणून ‘हिरा कायमचा’ ही डी बिअर्स या हिरे कंपनीची १९४७ पासूनची जाहिरात विक्रीइतकीच परतीची वाट बंद करण्यासाठीही होती, असे त्यांचे प्रतिपादन आहे. कच्च्या मालावर डी बिअर्सची तेव्हाची पकड आज उरलेली नाही. घरातला हिरा विकण्यातली अडचण मात्र तशीच आहे.

ज्या दुकानातून घेतला तिथेच परत देणे हा बहुधा सर्वांत फायद्याचा मार्ग असतो, कारण आपलाच खडा ओळखणे दुकानाला सोपे जाते. पण ‘बायबॅक’ आणि ‘एक्स्चेंज’ या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. बदल्यात दुसरा दागिना घेताना मिळणारा टक्का चढा असतो, रोख घेताना कमी. टक्का कशावर, बिलातल्या हिऱ्याच्या रकमेवर की त्या दिवशीच्या दरावर, हे बिलाच्या पाठीमागच्या बारीक अक्षरांत असते.

बारीक हिऱ्यांची गोष्ट आणखी वेगळी. कुड्या, नथ, बांगड्यांत जडवलेले दोन-चार सेंटचे खडे बाजारात चाळणीच्या नंबराने, एकाच प्रतीच्या गठ्ठ्यात विकले जातात. दागिना मोडून निघालेले चाळीस खडे वेगवेगळ्या प्रतींचे, काही कड फुटलेले असतात. ते निवडण्याची मजुरीच परवडत नाही. अशा दागिन्याची मोड म्हणजे प्रत्यक्षात सोन्याची मोड, हे धरून चालणे शहाणपणाचे.

जडावातला खडा : कोंदणात बसलेल्या गोल हिऱ्याचे वजन व्यासाचा वर्ग, उंची आणि ०.००६१ यांच्या गुणाकाराने अदमासे काढतात. ६.५ मिलिमीटर व्यास आणि ४ मिलिमीटर उंची असेल तर १.०३ कॅरेट. रंगाचा अंदाज मात्र कोंदणात फसतो, कारण पिवळे सोने खड्यात उतरते. पोलकीच्या, म्हणजे पैलू न पाडलेल्या हिऱ्याच्या, मागे चांदीचा वर्ख असतो आणि तो काढल्याशिवाय काहीच ठामपणे सांगता येत नाही. मोठ्या रकमेचा खडा असेल तर तो काढूनच प्रयोगशाळेत पाठवावा.

मोठ्या, नावाजलेल्या हिऱ्यांनाही अंदाज आणि प्रत्यक्ष यांतली दरी चुकलेली नाही. त्र्यंबकेश्वरच्या देवस्थानाशी नाते सांगितला जाणारा ‘नासक’ हिरा दुसऱ्या बाजीरावाच्या पाडावानंतर १८१८ मध्ये ईस्ट इंडिया कंपनीकडे गेला आणि लंडनला पोचला. तिथे त्याचे मोल ३०,००० पौंड धरले गेले होते. १८३० च्या दशकात तो विकला गेला ७,२०० पौंडांना. पुढे अमेरिकी जवाहिरे हॅरी विन्स्टन यांनी १९४० मध्ये त्याचा घाट बदलला, त्यात त्याचे वजन ४३.३८ कॅरेटवर आले, आणि १९७० मध्ये त्याने लिलावात पाच लाख डॉलर आणले. जवळपास निम्मे वजन घालवून त्याने घाट मिळवला. दुसरे उदाहरण ५९.६० कॅरेटच्या ‘पिंक स्टार’चे. २०१३ मध्ये जिनिव्हात त्याच्यावर ८ कोटी ३० लाख डॉलरची बोली लागली, वर्तमानपत्रांत विक्रम छापून आला, पण खरेदीदाराला पैसे उभे करता आले नाहीत. २०१७ मध्ये हाँगकाँगला तोच खडा ७ कोटी १२ लाखांना गेला. हाही विक्रमच होता.

प्रयोगशाळेतले हिरे : दाब-उष्णता पद्धतीने किंवा वायूतून कार्बनचे थर बसवून वाढवलेले हिरे रासायनिक दृष्ट्या हिरेच असतात. त्यामुळे दुकानातले उष्णतावाहकता तपासणारे साधे टेस्टर त्यांना नैसर्गिक हिऱ्यांपासून वेगळे काढू शकत नाही. डी बिअर्सने २०१८ मध्ये ‘लाइटबॉक्स’ या नावाने असे हिरे कॅरेटला ८०० डॉलर अशा सपाट दराने बाजारात आणले, दर नंतर उतरवले आणि २०२५ मध्ये हा व्यवसाय बंद करण्याचे जाहीर केले. सुरतेत यंत्रे वाढत गेली तसा घाऊक भाव कोसळला. यंत्रातून उद्या आणखी स्वस्त खडा निघणार असेल तर आज जुना खडा कोणी साठवत नाही, म्हणून अशा हिऱ्यांना पुनर्विक्रीचा बाजार जवळजवळ नाहीच. जीआयएनेही २०२५ मध्ये त्यांना रंग-स्वच्छतेच्या नेहमीच्या श्रेणी देणे थांबवले. या हिऱ्यांमुळे नैसर्गिक मालावरही दडपण आले, आणि २०२२ नंतर तो भावही उतरला. दहा वर्षांपूर्वीच्या पावतीवर आज विसंबून राहता येत नाही, ते त्यामुळेच.

तारण आणि कर : सोनेतारण कर्जात बँक फक्त सोन्याचे वजन धरते. खड्यांचे वजन वजा होते आणि हिऱ्याची किंमत शून्य मानली जाते. विक्रीवरच्या करात मात्र हिऱ्याची पूर्ण दखल घेतली जाते. जुलै २०२४ मधील बदलानंतर दोन वर्षांहून जास्त काळ जवळ असलेल्या दागिन्याच्या विक्रीतील नफ्यावर साडेबारा टक्के दीर्घकालीन भांडवली नफा कर लागतो. वारशाने आलेल्या दागिन्यासाठी मूळ मालकाने दिलेली किंमत धरतात. त्याने तो १ एप्रिल २००१ च्या आधी घेतला असेल तर त्या तारखेचे वाजवी बाजारमूल्य धरण्याची मुभा आहे, आणि त्यासाठी नोंदणीकृत मूल्यनिर्धारकाचा अहवाल घेतात. आजीच्या कुड्या आज किती आणतील याऐवजी तेव्हा किती आणल्या असत्या, हे इथे ठरवावे लागते. तो आकडा जितका वरचा येईल तितका कर कमी बसतो, त्यामुळे अहवालातला दर तेव्हाच्या घाऊक बाजाराशी जुळतो का, हे आयकर अधिकारी तपासू शकतो.