महाविद्यालयाचे धनी कोण?

घर एकाचे आणि घरातल्या कामावर शिक्का दुसऱ्याचा, अशी व्यवस्था असली म्हणजे तंटा आज ना उद्या उभा राहतोच. भारतातील संलग्न महाविद्यालयांची कथा याच जातीची आहे. १८५७ साली मुंबई, कलकत्ता व मद्रास येथे विद्यापीठे निघाली ती लंडन विद्यापीठाच्या धर्तीवर. परीक्षा घ्यावी आणि पदवी द्यावी, एवढेच त्यांचे काम. शिकविण्याचा भार महाविद्यालयांवर. आणि ती चालविणार सरकार, मिशने किंवा पुण्याच्या फर्ग्युसनच्या पाठीशी उभी राहिली तशी लोकांची शिक्षणसंस्था. १९०४ च्या कायद्याने विद्यापीठाचा हात थोडा लांबला. संलग्नता हवी असेल, तर कारभार रीतसर घडविलेल्या नियामक मंडळाकडे असावा, अशी अट आली. या मंडळात कोणी बसावे, हा प्रश्न पुढे न्यायालयाच्या दारी जाऊन उभा राहिला.

१९५० च्या संविधानाने या वादाला नवे परिमाण दिले. अनुच्छेद ३० अन्वये धार्मिक व भाषिक अल्पसंख्याकांना आपल्या पसंतीच्या शिक्षणसंस्था स्थापण्याचा व चालविण्याचा हक्क मिळाला. संस्था चालविण्याच्या हक्कात गैरकारभाराचा हक्क येत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने १९५८ साली केरळच्या शिक्षण विधेयकावर मत देताना बजावले होते. तथापि नियमन कोठे संपते आणि ताबा कोठे सुरू होतो, ही रेषा आखणे सोपे नव्हते. १९६९ च्या केरळ विद्यापीठ कायद्याने खाजगी महाविद्यालयांसाठी अकरा सभासदांचे नियामक मंडळ ठरविले. त्यांतील सहा जण संस्थाचालकांनी नेमावयाचे होते. तरीही मंडळ एकदा बसले, की ते संस्थाचालकांना जबाबदार राहत नाही, हे हेरून न्यायालयाने १९७० साली ती कलमे अल्पसंख्याकांच्या संस्थांपुरती रद्द ठरविली. संख्याबळ हाती असले म्हणजे सत्ताही हाती असते असे नाही, हा त्यातील मर्माचा भाग.

याच वादाचा सर्वांत मोठा निवाडा अहमदाबादच्या सेंट झेवियर्स महाविद्यालयाच्या निमित्ताने झाला. जेझुइटांनी १९५५ साली, म्हणजे गुजरात मुंबई राज्यातच असताना, हे महाविद्यालय स्थापन केले. १९७२ साली गुजरात विद्यापीठाचा कायदा दुरुस्त झाला. नियामक मंडळात कुलगुरूंचा प्रतिनिधी, तीन शिक्षक, तसेच कर्मचारी व विद्यार्थी यांचे प्रतिनिधी असावेत, कुलगुरूंच्या संमतीवाचून शिक्षकाला बडतर्फ करू नये, आणि तंटा लवादाकडे जावा, अशा तरतुदी त्यात आल्या. नऊ न्यायमूर्तींचे पीठ बसले. त्यात मुंबई उच्च न्यायालयातून आलेले न्या. पाळेकर आणि न्या. चंद्रचूड हेही होते. एप्रिल १९७४ मध्ये बहुमताने निर्णय झाला, की या तरतुदी अल्पसंख्याकांच्या महाविद्यालयांना लागू होणार नाहीत. संलग्नता हा मूलभूत हक्क नव्हे. परंतु तिच्या मोबदल्यात मूलभूत हक्क सोडून द्यावयास लावता येणार नाही, असा त्याचा आशय. न्या. द्विवेदी यांनी बहुमताशी असहमती नोंदविली.

संस्थाचालकांचा जय झाला खरा. पण या निकालाने मंडळातली शिक्षकाची जागाही गेली आणि बडतर्फीविरुद्धची ढालही गेली. शेजारच्या महाविद्यालयात, त्याच विद्यापीठाखाली, तेच विषय शिकविणाऱ्या सहकाऱ्याला मात्र दोन्ही लाभत राहिली. शिक्षकाला संरक्षण नको, असे न्यायालयाचे म्हणणे मुळीच नव्हते. कुलगुरूंच्या हाती दिलेल्या नकाराधिकाराला कसलेही बंधन नाही, हा त्यांचा आक्षेप होता.

या आक्षेपातून वाट निघावयास अठ्ठावीस वर्षे लागली. २००२ साली टी. एम. ए. पै प्रतिष्ठानच्या खटल्यात अकरा न्यायमूर्तींच्या पीठाने सांगितले, की खाजगी महाविद्यालयातील शिक्षकाला शिक्षेविरुद्ध दाद मागण्यासाठी न्यायाधिकरण असावे, आणि ते स्थापन होईपर्यंत जिल्हा न्यायाधीशाकडे अपील करता यावे. संस्थाचालक आणि विद्यापीठ यांच्या दीर्घ भांडणात ज्याच्या पोटावर पाय पडत होता, त्याला या दोघांहून वेगळा असा तिसरा पंच मिळण्याची सोय त्या दिवशी सांगितली गेली. महाविद्यालयाचे धनी कोण, या प्रश्नाइतकाच तेथे शिकविणाऱ्याला न्याय कोण देणार, हा प्रश्नही महत्त्वाचा आहे, याची ही उशिरा मिळालेली कबुली होय.