सेंट जॉन द बाप्टिस्ट चर्च (सीप्झ, अंधेरी)

सेंट जॉन द बाप्टिस्ट चर्च हे मुंबई उपनगर जिल्ह्यात अंधेरी (पूर्व) येथील सीप्झ औद्योगिक क्षेत्राच्या आवारातील एक भग्न चर्च आहे. परिसरातील ईस्ट इंडियन समाज या वास्तूला आपल्या पूर्वजांचे मूळ देवस्थान मानतो.

इतिहास

गुजरातच्या बहादूरशहाशी १५३४ मध्ये झालेल्या वसईच्या तहाने साष्टी बेट पोर्तुगिजांकडे गेले. त्यानंतर तेथे जेझुइट व फ्रान्सिस्कन धर्मगुरूंनी अनेक चर्च उभारली. हे चर्च जेझुइटांनी १५७९ मध्ये बांधले. धर्मांतरित झालेले स्थानिक शेतकरी व कारागीर हे त्याचे उपासक होते. त्यांच्या वंशजांची घरची बोली आजही मराठीचेच एक रूप आहे. ‘ईस्ट इंडियन’ हे नाव या समाजाने १८८७ मध्ये, गोव्याहून आलेल्या ख्रिस्ती लोकांपासून आपली वेगळी ओळख राहावी म्हणून स्वीकारले.

स्थलांतर

१८४० च्या सुमारास साथीच्या रोगामुळे गाव ओस पडले आणि रहिवासी जवळच्या मरोळला गेले. जाताना त्यांनी मूर्ती व बाप्तिस्म्याचे दगडी पात्र सोबत नेले. मरोळचे नवे चर्च मात्र सुवार्तिक संत योहान यांच्या नावाचे आहे. जुन्या चर्चचे छप्पर कालांतराने नष्ट झाले. दर्शनी भिंत व इतर काही भिंती उरल्या.

औद्योगिक क्षेत्र

१९७३ मध्ये येथे निर्यातीसाठी इलेक्ट्रॉनिक वस्तू तयार करणारे सीप्झ क्षेत्र सुरू झाले. पुढे जडजवाहीर उद्योगही आला. सीमाशुल्क नियमांमुळे या क्षेत्रात परवान्याशिवाय प्रवेश मिळत नाही. त्यामुळे ओसाड असले तरी पूर्वी सहज जाता येणारे हे स्थान कुंपणाआड गेले. मरोळहून तेथवरचे अंतर थोडे आहे; अडसर आहे तो प्रवेशद्वाराचा.

वार्षिक मिस्सा

परवानगी घेऊन वर्षातून एकदा भाविक येथे जमतात व छप्पर नसलेल्या वास्तूत मिस्सा अर्पण करतात. गावठाणांतून येणाऱ्या वृद्धांबरोबर तरुण पिढीही असते. ज्या गावात आता कोणाचेच घर उरलेले नाही, तेथे परतण्याचा हा एकच दिवस असतो. वास्तूचे जतन व्हावे आणि प्रवेश सुलभ व्हावा, अशी समाजाची मागणी आहे.