चष्मेवाल्याचा इतिहास

मंडळी, इतिहास म्हटलं की आपल्या डोळ्यांपुढे काय येतं? लढाया, तह, सनावळ्या आणि राजे. पण त्या काळी बाई पाय कशाने घासत होती, आजोबा सुपारी कशाने कातरत होते, हे कुठल्या बखरीत सापडायचं? असल्या गोष्टी लिहून ठेवाव्यात असं कुणाला वाटतच नाही.

एका माणसाला मात्र त्या जपाव्याशा वाटल्या. दिनकर गंगाधर केळकर (१८९६-१९९०). पुण्यात घरचं चष्म्याचं दुकान आणि 'अज्ञातवासी' या नावाने कविता, म्हणजे तसा तुमच्याआमच्यातलाच माणूस! १९२०च्या सुमारास जुन्या वस्तू गोळा करण्याचा नाद लागला आणि तो जन्मभर सुटला नाही. गावोगाव हिंडायचं, जुने वाडे धुंडाळायचे, लोकांनी अडगळीत टाकलेलं उचलून आणायचं. यात कमलाबाईंचीही साथ होती. त्यांचा मुलगा राजा लहानपणीच गेला. संग्रहाला त्याचंच नाव दिलं, आणि पुढे तो सगळाच्या सगळा महाराष्ट्र सरकारच्या हवाली केला.

आज तिथे २० हजारांहून जास्त वस्तू आहेत, त्यातल्या साधारण अडीच हजारच मांडलेल्या असतात. अडकित्ते, वज्र्या, दिवे, कुलपं, दौती, वाद्यं... मला सगळ्यात भावतात त्या वज्र्या. पायाची टाच घासायची वस्तू ती, पण कारागिराने तिच्यावरही पक्षी बसवलाय! कोणी बघणार नव्हतं, तरी बसवलाय.

आमच्या धंद्यात बॅकअप नावाची चीज असते. ज्याचा बॅकअप नाही ते एक दिवस जाणार, हे धरूनच चालायचं. रोजच्या जगण्याचा बॅकअप कुणी घेत नाही. पितळ मोडीत गेलं, वितळलं, की त्यावरचा पक्षीही गेला. परत आणायची सोय नाही. राजेरजवाड्यांचे कागद सांभाळायला दफ्तरं होती, वज्रीला फक्त एक चष्मेवाला होता.

तेव्हा कुणी काड्यापेट्या, बसची तिकिटं नाहीतर जुनी कुलपं जमवत असेल तर त्याला वेड्यात काढू नका. आणि पुढच्या वेळी घर आवरताना भंगारवाल्याला हाक मारण्याआधी माळ्यावरचा तो डबा एकदा उघडून बघा. आजी अजून असेल तर कुठली वस्तू कशासाठी होती तेही विचारून घ्या. वस्तू टिकते हो, पण ती कशाची हे सांगणारं माणूस टिकत नाही.