जंजिऱ्याचा तह व सिद्दी–मराठे संघर्ष

जंजिऱ्याचे सिद्दी आणि मराठे यांच्यात १६५७–५८ पासून १७३६ पर्यंत, अधूनमधून खंड पडत, सुमारे ऐंशी वर्षे चाललेला संघर्ष आणि १७३३ व १७३६ च्या तहांनी झालेला त्याचा निकाल. या लढ्याचा मुख्य मुलूख म्हणजे आजचा रायगड जिल्हा. उत्तरेला पनवेल-पेणच्या खाड्या, मध्ये अलिबाग, थळ, रेवस, दक्षिणेला राजपुरी, म्हसळा, श्रीवर्धन. आणि त्याखाली रत्नागिरी जिल्ह्यातले अंजनवेल व गोवळकोट. पनवेलहून वडखळ, अलिबाग, रेवदंडा असा मुरूडचा रस्ता धरला, तर या संघर्षातली निम्मी ठाणी वाटेत किंवा वाटेच्या आजूबाजूला लागतात.

सिद्दी मूळचे पूर्व आफ्रिकेतले. अरबी समुद्रावरच्या व्यापाराबरोबर, पुष्कळसे गुलाम म्हणून, ते दख्खनेत आले आणि निजामशाही, आदिलशाहीच्या चाकरीत सरदारपदाला पोचले. राजपुरी खाडीच्या तोंडावरचा जंजिरा त्यांच्या हाती होता. शिवाजी महाराजांनी दंडा-राजपुरीचा किनारा घेतला तरी बेट हाती लागले नाही. १६७०–७१ च्या सुमारास किल्लेदार फत्तेखान किल्ला महाराजांच्या स्वाधीन करण्याच्या बेतात होता. पण संबळ, कासिम व खैर्यत या सिद्दींनी त्याला कैद केले आणि मोगलांचा आश्रय घेतला. यामुळे प्रश्नाचे स्वरूपच बदलले. यापुढे जंजिऱ्याशी लढणे म्हणजे औरंगजेबाच्या आरमाराशी लढणे झाले. पाठोपाठ सिद्दी कासिमने होळीच्या रात्री छापा घालून दंडा-राजपुरीही परत घेतली.

या लढ्याला आज सहज ‘वांशिक’ म्हटले जाते. कागद पाहिले की ते पुरते पटत नाही. जंजिऱ्याजवळच्या कासा खडकावर महाराज पद्मदुर्ग बांधत होते. त्या कामाला नेमलेली रसद प्रभावळीचा सुभेदार जिवाजी विनायक पोचवीना. जानेवारी १६७५ च्या पत्रात महाराजांनी त्याला विचारले आहे की हबशाने (सिद्दीने) काही देऊन तुला फितवले आहे काय. आणि तू ब्राह्मण आहेस म्हणून गय होणार नाही, असेही बजावले आहे. हे पत्र मुळातून वाचण्यासारखे आहे. शत्रू समोरच्या बेटावर होताच, पण धान्य आणि पैका अडवून बसलेला आपलाच कारभारीही त्यांना तितकाच घातक वाटत होता. उलट बाजूलाही तेच. सिद्दीच्या आरमारातला एक मोठा अधिकारी शेखजी (शेख याकूब) हा मूळचा गुहागरकडचा कोळी. लहानपणी पकडून नेऊन त्याला मुसलमान म्हणून वाढवले होते. पेशव्यांच्या भट घराण्याचे श्रीवर्धन व दंडा-राजपुरीचे देशमुखी वतनही सिद्दीच्या अमलातले. बाळाजी विश्वनाथ तिथूनच जाचाला कंटाळून देशावर गेला. धर्म आणि वंश यांना या झगड्यात वजन होतेच. त्याच्या मुळाशी मात्र खाड्यांवरची जकात, महालांचा वसूल आणि समुद्रावरचा अंमल हे तीन प्रश्न होते.

हा पेच डोळ्यांनी पाहायचा असेल तर थळच्या किनाऱ्यावर उभे राहावे. समोर दोन छोटी बेटे दिसतात, खांदेरी आणि उंदेरी. १६७९ च्या पावसाळ्यात महाराजांच्या माणसांनी खांदेरीवर तट बांधायला घेतला. मुंबईच्या इंग्रजांनी गलबते आणून विरोध केला, पण काम थांबले नाही. तेव्हा जानेवारी १६८० मध्ये सिद्दीने शेजारची उंदेरी बळकावून तिथे आपल्या तोफा चढवल्या. पुढची कित्येक दशके तोफेच्या टप्प्यात असलेल्या या दोन खडकांवर दोन निशाणे होती आणि मधल्या पाण्यात मासे धरणारे कोळी एकच होते. सिद्दीचे आरमार पावसाळ्यात मुंबईला माझगावच्या आसऱ्याला जाई आणि तिथून खाडीपट्ट्यातल्या गावांवर धाडी पडत. धाडीत धान्य जाई, गुरे जात, माणसेही गुलाम म्हणून जात. मराठ्यांच्या फौजांनीही सिद्दीच्या मुलखात गावे जाळली. रयतेच्या या हालांचा हिशेब तहनाम्यांत कुठेच मांडलेला नाही, आणि या इतिहासातली सर्वांत मोठी उणीव हीच आहे.

संभाजी महाराजांनी १६८१–८२ मध्ये किनाऱ्यापासून बेटापर्यंत समुद्रात भराव घालण्याचा प्रयत्न केला. मोगली फौज कल्याण-भिवंडीकडे उतरल्याने तो अर्धवट सोडावा लागला. १६८९ मध्ये मोगलांनी रायगड घेतला. पुढे तो सिद्दीच्या ताब्यात गेला, आणि मराठ्यांची जुनी राजधानी जंजिरेकराच्या अमलाखाली राहिली. १७२७ मध्ये अंजनवेलच्या सिद्दी साताने चिपळूणजवळचे परशुरामाचे देवस्थान उद्ध्वस्त केले. तिथले ब्रह्मेंद्रस्वामी हे छत्रपती शाहू व पेशवे या दोघांचेही गुरू. ते साताऱ्याजवळ धावडशीला गेले आणि सिद्दीवर मोहीम काढण्यासाठी दोघांच्याही मागे लागले.

संधी आली ती जंजिऱ्याच्या घरात फूट पडल्यामुळे. १७३३ च्या आरंभी सिद्दी रसूल वारला आणि वारसांत खून-मारामाऱ्या सुरू झाल्या. वारसांपैकी अब्दुल रहमान मराठ्यांकडे वळला. शेखजीने पेशव्याशी आधीच संधान बांधले होते. पेशवा पहिला बाजीराव मे महिन्यात राजपुरीला उतरला, जूनमध्ये शाहूंच्या प्रतिनिधीने रायगड घेतला. इथवर सारे जमून आले. पण प्रतिनिधी आणि पेशवा यांचे पटेना, मराठ्यांच्या आरमाराचा प्रमुख सेखोजी आंग्रे ऑगस्टमध्ये वारला, इंग्रज सिद्दीच्या पाठीशी राहिले आणि पावसाळी समुद्रात बेटावर हल्ला चढवणे शक्य नव्हते. किल्ला पडत नाही हे ओळखून बाजीरावाने डिसेंबर १७३३ मध्ये तह केला. अब्दुल रहमानला सिद्दींचा प्रमुख म्हणून मान्यता मिळाली, सिद्दीच्या अकरा महालांची निम्मेनिम वाटणी ठरली, रायगडासह जिंकलेली ठाणी मराठ्यांकडे राहिली आणि जंजिरा सिद्दीकडेच राहिला.

सिद्दी सात हा तह मानीना. १९ एप्रिल १७३६ रोजी रेवसजवळच्या लढाईत बाजीरावाचा भाऊ चिमाजी अप्पा याने त्याला ठार केले, आणि त्याच वर्षी सप्टेंबरमध्ये झालेल्या तहाने वाटणी पक्की झाली. या निकालाला अनेक इतिहासकार अपुरे यश म्हणतात, कारण बेट राहिले. प्रस्तुत नोंदीचे मत वेगळे आहे. ऐंशी वर्षे ज्या एका गोष्टीपायी प्रत्येक वेळी बोलणी फसली, ती जंजिऱ्याची मागणी बाजूला ठेवली तेव्हाच तह टिकाऊ झाला. पेशव्याने वसूल आणि ठाणी घेतली, सिद्दीने गादी आणि किल्ला राखला; दोघांनाही घरी जाऊन काही तरी दाखवता आले. चकमकी यानंतरही झाल्या: अंजनवेल तुळाजी आंग्र्याने १७४५ मध्ये घेतले, उंदेरी १७६० मध्ये मराठ्यांकडे आली. परंतु अवघी कोकणपट्टी पेटवणारे युद्ध पुन्हा झाले नाही.

आधुनिक काळातल्या सायप्रसशी ताडून पाहिले तर या तहाची ताकद आणि मर्यादा दोन्ही कळतात. तिथे ग्रीक आणि तुर्क सायप्रियटांमध्ये १९६३ च्या अखेरीस दंगे उसळले. १९६४ पासून संयुक्त राष्ट्रांची शांतिसेना तिथे आहे. १९७४ मध्ये ग्रीसधार्जिणे बंड झाले आणि पाठोपाठ तुर्की फौज उतरून बेटाची फाळणी झाली. २००४ च्या सार्वमतात एकीकरणाची अन्नान योजना तुर्क सायप्रियटांनी स्वीकारली, ग्रीकांनी मोठ्या बहुमताने फेटाळली. सायप्रसमध्ये निदान लोकांना विचारले गेले. जंजिऱ्याच्या तहात महाल वाटले गेले तेव्हा तिथल्या कुळांना, कोळ्यांना, आगऱ्यांना कोणी विचारले नाही. सरदारांचे समाधान झाले की काम भागत होते. दुसरीकडे, सायप्रसमध्ये दोन्ही समाजांतली लाखावर माणसे घरदार सोडून फाळणीच्या रेषेपलीकडे गेली, तर कोकणात महालांची मालकी बदलली तरी माणसे आपापल्या गावी राहिली आणि सिद्दीच्या दरबारी हिंदू कारभारी कायम राहिले.

जंजिरा संस्थान पेशवाईनंतरही इंग्रजांच्या सार्वभौमत्वाखाली टिकले. काठेवाडातले जाफराबादही त्याच्याकडे होते. १९४८ च्या जानेवारीत मोहन धारिया प्रभृती तरुणांनी संस्थानाविरुद्ध सशस्त्र उठाव केला आणि मार्चमध्ये संस्थान मुंबई प्रांतात विलीन झाले. त्याचा कोकणातला मुलूख कुलाबा जिल्ह्याला जोडण्यात आला. १९८१ पासून हाच रायगड जिल्हा. संस्थानाचे मुरूड, श्रीवर्धन व म्हसळा हे भाग आज पनवेलप्रमाणेच त्याचे तालुके आहेत.