५ एप्रिल २००९ : नगरच्या कामाची आकाशातली परीक्षा

याच दिवशी कोलारच्या धावपट्टीवरून ‘निशांत’ हे वैमानिकरहित विमान प्रथमच भारतीय बनावटीच्या व्हँकेल (फिरत्या दट्ट्याच्या) इंजिनावर उडाले. इंजिनाचा गाभा बंगळुरूच्या एनएएल या हवाई संशोधन प्रयोगशाळेचा. प्रज्वलन आणि इंधन यंत्रणा अहमदनगरच्या (आताच्या अहिल्यानगरच्या) व्हीआरडीई या डीआरडीओच्या वाहन संशोधन संस्थेची. आधी प्रमाणन यंत्रणेची तात्पुरती मंजुरी, मग धावपट्टीवर वेगाने पळवून पाहणे, आणि त्यानंतर सुमारे ४० मिनिटांचे उड्डाण.

हीच शिस्त विमानाच्या सॉफ्टवेअरला अधिक काटेकोरपणे लावायला हवी. धातूचा भाग झिजतो, तापतो, खडखडतो. आज्ञावली बिघडण्याआधी कसलीच चाहूल देत नाही. ४ जून १९९६ रोजी एरियन-५ रॉकेट उड्डाणानंतर सुमारे ४० सेकंदांत फुटले, कारण दिशादर्शक संगणकात ६४ बिटांची एक संख्या १६ बिटांच्या जागेत मावली नाही. ती आज्ञावली एरियन-४ वर बिनबोभाट चालली होती, म्हणून नव्या रॉकेटच्या मार्गावर ती पुरेशी तपासलीच गेली नाही. राखीव संगणक होता. पण त्यातही तीच आज्ञावली, म्हणजे तीच चूक. माणूसच नसलेल्या विमानासाठी एवढी तपासणी कशाला, असे विचारले जाते. वेळ आणि पैसा जातो, हे खरेच. मात्र चूक सावरायला वैमानिक नाही, म्हणून तर तपासणी जास्त हवी. शिवाय असे विमान कोसळते ते कुणाच्या तरी शिवारात. आज्ञावली लिहिणाऱ्याने नव्हे, दुसऱ्याने ती तपासावी, आणि जुन्या आज्ञावलीलाही नव्या विमानावर नव्याने मंजुरी घ्यावी लागावी.